थॉमस व्हिंटरबर्ग: भरल्या पंगतीत उभं राहून बोलणारी माणसं

पाऊलवाट

आधीच सांगते, पुढे कथानकं उघड केली आहेत. ज्यांनी 'फेस्टेन' आणि 'याग्टन' पाहिले नसतील त्यांनी आधी पाहावेत, मग इथे यावं.

गेल्या आठवड्यात डॅनिश दिग्दर्शक थॉमस व्हिंटरबर्गचा 'याग्टन' तिसऱ्यांदा पाहिला. इंग्रजीत तो 'द हंट' या नावाने आला होता. दुसऱ्या दिवशी त्याच दिग्दर्शकाचा चौदा वर्षं आधीचा 'फेस्टेन', म्हणजे 'द सेलिब्रेशन', पुन्हा लावला. दोन्ही लागोपाठ पाहिल्यावर झोप लागेना, म्हणून हा धागा.

व्हिंटरबर्गचा जन्म १९६९ चा, कोपनहेगनला लागून असलेल्या फ्रेडरिक्सबर्गचा. वयाच्या सातव्या वर्षापासून एकोणिसाव्यापर्यंत तो एका कम्यूनमध्ये वाढला. अनेक कुटुंबं एकाच मोठ्या घरात, एकच स्वयंपाकघर, एकच लांब टेबल आणि सगळे निर्णय सगळ्यांनी मिळून घ्यायचे. एकोणिसाव्या वर्षी तो डेन्मार्कच्या राष्ट्रीय फिल्म स्कूलमध्ये गेला. त्याच्याविषयीच्या लेखांत कम्यूनचा उल्लेख एका ओळीत येऊन जातो. मला मात्र वाटतं, त्याच्या सिनेमाचं मूळ तिथेच आहे. त्याला सामाजिक प्रश्नांवर सिनेमे करणारा म्हणतात आणि ते खरंही आहे: घरातला लैंगिक अत्याचार, खोटा आरोप, व्यसन, आता विस्थापन. पण तो प्रश्नाकडे आकड्यांतून किंवा कायद्यातून जात नाही. तो माणसांना एका टेबलाभोवती बसवतो, त्यातल्या एकाला बोलायला लावतो आणि कॅमेरा बाकीच्यांवर ठेवतो.

'फेस्टेन'मध्ये वडिलांची साठी आहे. मोठं हॉटेल, शंभर दिवे, सगळी भावकी जमलेली. थोरला मुलगा ख्रिस्तियान भाषणाला उभा राहतो. हातात दोन कागद आहेत, एक हिरवा, एक पिवळा. कुठला वाचू, असं तो वडिलांनाच विचारतो. ते हिरवा निवडतात. मग त्याच शांत आवाजात तो सांगतो की हे गृहस्थ आंघोळीच्या आधी मला आणि माझ्या जुळ्या बहिणीला खोलीत नेऊन काय करायचे. त्या बहिणीने नुकतीच आत्महत्या केलेली आहे.

आणि पुढे काय होतं? काहीच नाही. जेवण पुढे सरकतं. मला सगळ्यात भीती वाटते ती त्या क्षणाची. कुणी ओरडत नाही, कुणी उठून जात नाही, पुढचा पदार्थ येतो. थोड्या वेळाने आई भाषणाला उभी राहते आणि गोड हसत सांगते की ख्रिस्तियानला लहानपणापासूनच खरं काय आणि कल्पनेतलं काय यातला फरक कळायचा नाही.

आता 'याग्टन'. लुकास बालवाडीत मदतनीस आहे. जिवलग मित्राची पाचेक वर्षांची मुलगी क्लारा त्याच्यावर रुसते आणि मोठ्या भावाच्या मित्राने दाखवलेल्या एका घाणेरड्या चित्रातलं काहीतरी लुकासच्या नावावर बोलून जाते. बालवाडीच्या बाई तिच्यावर विश्वास ठेवतात. नंतर ती म्हणते, मी वेडेपणाने बोलले, त्याने काही केलं नाही. तेव्हा तिची आई तिला समजावते की तुझ्या मनाला आठवायचं नाहीये, म्हणून तुला तसं वाटतं.

दोन आयांची ही दोन वाक्यं एकमेकांसमोर ठेवून पाहा. एक आई खऱ्याला कल्पना म्हणते, दुसरी कल्पनेला खरं म्हणते. दोघींपैकी एकीनेही समोरच्याचं ऐकून घेतलेलं नाही.

मला खरं तर चर्चा हवी आहे ती पुढच्या गोष्टीवर. 'फेस्टेन'ची कल्पना डॅनिश रेडिओवरच्या एका मुलाखतीतून आली. एका माणसाने तिथे सांगितलं होतं की सावत्र वडिलांच्या वाढदिवसाला सगळ्यांदेखत उभं राहून मी त्यांचं कृत्य उघड केलं. सिनेमा जगभर गाजल्यावर एका पत्रकार बाईंनी त्या माणसाचा शोध घेतला आणि त्याने कबूल केलं की वाढदिवसाचं ते भाषण कधी झालंच नव्हतं. 'याग्टन'च्या मागेही एक गोष्ट आहे. व्हिंटरबर्गने ती स्वतः सांगितली आहे. 'फेस्टेन'नंतर, १९९९ च्या हिवाळ्यातल्या एका रात्री, एक नावाजलेले बालमानसतज्ज्ञ कागदांचं बाड घेऊन त्याच्या दारात आले. मुलांच्या कल्पना आणि आठवणी याविषयी ते बोलत होते, या विषयाची दुसरी बाजूही तू दाखवायला हवीस असा त्यांचा आग्रह होता. त्याने कागद ठेवून घेतले आणि वाचले नाहीत. दहाएक वर्षांनी त्याला स्वतःलाच मानसतज्ज्ञाची गरज पडली, तेव्हा त्याने त्याच माणसाला फोन केला, आणि निदान आता तरी वाचावं म्हणून ते बाड उघडलं.

मूळ गोष्टच रचलेली निघाली म्हणून 'फेस्टेन' खोटा ठरतो का? मला नाही वाटत. पण का नाही, ते मला नीट मांडता येत नाहीये.

उत्तरेचा वारा

ताई, अकरा वर्षं डेन्मार्कमध्ये आऱ्हुसला राहतोय, म्हणून त्या जेवणाबद्दल थोडं लिहितो. बाहेरच्या माणसाला 'फेस्टेन'मधली शांतता अतिशयोक्त वाटते. मला पहिल्यांदा वाटली होती.

इथे वाढदिवस, लग्न, मुलांचं कन्फर्मेशन (चर्चमधला दीक्षेचा विधी), काहीही असलं की जेवण चार-पाच तास चालतं आणि मधे मधे भाषणं असतात. ज्याला बोलायचं असेल त्याने चमच्याने ग्लासवर टिचकी मारायची. टिचकी ऐकली की सगळे गप्प. भाषण मध्येच तोडायचं नाही, ते कितीही लांबलं तरी. ते संपलं की उभं राहून 'हुर्रा' आणि मग पेला उंचावायचा. काही घरांत ओळखीच्या चालीवर नवी गाणी रचतात, छापून प्रत्येक ताटाशी ठेवतात. हे सगळं चालवायला एक सूत्रधार नेमलेला असतो. 'फेस्टेन'मधला सूत्रधार आठवतोय ना? ख्रिस्तियानचं बोलणं झाल्यावर बिचारा पुढचा कार्यक्रम जाहीर करतो, कारण त्याला तेवढंच येतं.

म्हणजे ख्रिस्तियानने अशी एकच जागा निवडली आहे जिथे डॅनिश माणसाला ऐकून घ्यावंच लागतं. आणि स्वयंपाकघरातली माणसं, जी लहानपणापासून त्याच्या बाजूची आहेत, ती पाहुण्यांच्या गाड्यांच्या किल्ल्या लपवून ठेवतात. आता निघूनही जाता येत नाही. ऐकायला बसवायचं असेल तर दार बंद करावं लागतं, हे त्या आचाऱ्याला कळलेलं आहे.

आणखी एक. धाकट्या बहिणीचा कृष्णवर्णीय मित्र येतो, तेव्हा सगळं टेबल मिळून त्याला हिणवणारं गाणं गातं. ते इथलं जुनं गाणं आहे. मी हा सिनेमा इथल्या मित्रांबरोबर पाहिला होता. त्या प्रसंगाला खोलीतलं कुणी माझ्याकडे बघेना.

निंबोणी

मी सहसा वाचून जाते, लिहीत नाही. आज लिहिते.

'याग्टन' चांगला सिनेमा आहे, मान्य. लुकासचं काम करणाऱ्या मॅड्स मिकेल्सनला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात अभिनयाचं पारितोषिक मिळालं तेही योग्यच. पण हा सिनेमा मला आजवर ज्यांनी ज्यांनी सुचवला, ते सगळे पुरुष होते, आणि प्रत्येकाने तो सुचवताना 'बघ, असंही होतं' असं म्हटलं. 'फेस्टेन' मला कुणीच सुचवला नाही.

मी नऊ वर्षांची असताना घरातल्याच एका माणसाबद्दल आईला सांगितलं होतं. ती पोळ्या लाटत होती. ती म्हणाली, असं काही बोलू नये. लाटणं थांबलंसुद्धा नाही. पुढची कित्येक वर्षं तो माणूस दिवाळीला आमच्याकडे जेवायला येत होता आणि मी त्याला वाढत होते.

म्हणून विचारते. ज्या समाजात मुलांचं आधीच ऐकलं जात नाही, तिथे मूल खोटं बोलल्याची गोष्ट इतक्या प्रभावीपणे सांगणं जबाबदारीचं आहे का?

पाऊलवाट

निंबोणी, तुम्ही लिहिलंत, त्याबद्दल मनापासून आभार. दोनदा वाचलं.

तुमच्या प्रश्नाला माझ्याकडे पूर्ण उत्तर नाही. एवढंच म्हणेन की व्हिंटरबर्गने आधी 'फेस्टेन' केला, मग 'याग्टन', आणि आधीचा मागे घेतला नाही. 'याग्टन' एकटा दाखवणाऱ्यांनी अर्धीच गोष्ट सांगितलेली असते. क्लारा मला तरी खोटारडी वाटत नाही. ती एकदा बोलते, मग खरं सांगायचा प्रयत्न करते, आणि तिचं ते खरं कुणी ऐकत नाही. तीही 'ऐकलं गेलं नाही' याच रांगेत उभी आहे. तुमच्या आईने लाटणं थांबवलं नाही आणि क्लाराच्या आईने बोलणं थांबवलं नाही. हे दोन्ही सारखं आहे असं अजिबात म्हणत नाहीये. तुमचं दुःख खूप मोठं आहे.

समईची वात

मी बालसमुपदेशक आहे. पुण्यात लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणांत मुलांसोबत काम करते. 'याग्टन'मधला एक प्रसंग आम्ही नव्या समुपदेशक मुलींना शिकवताना वापरतो, म्हणून लिहायला आले.

बालवाडीच्या बाई एका ओळखीच्या गृहस्थांना बोलावतात आणि ते क्लाराला प्रश्न विचारतात. त्यांचा हेतू वाईट नाही, आवाज मऊ आहे. पण प्रश्न सगळे तयार उत्तराचे. त्याने तुला हे दाखवलं का? मग हे झालं का? क्लाराला खेळायला जायचं आहे. तिला कळतं की मान हलवली की सुटका होते. ती मान हलवते. तिथे चूक मुलीची नाही आणि तिच्यावर विश्वास ठेवण्याचीही नाही. चूक प्रश्नाची आहे. 'काय झालं ते तुला हवं तसं सांग' असं विचारून गप्प बसायला हवं होतं. गप्प बसणं हे आमच्या कामातलं सगळ्यात अवघड कसब आहे.

पुढे बाकीची मुलंही सांगू लागतात, लुकासच्या तळघराचं वर्णन करतात, आणि त्याच्या घराला तळघरच नसतं. हे पटकथेतलं कुभांड वाटेल, पण याच्या जवळ जाणारं प्रत्यक्षात घडलेलं आहे. अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या मॅकमार्टिन बालवाडीचं प्रकरण १९८३ मध्ये सुरू झालं आणि १९९० पर्यंत चाललं. मुलांना विचारायची पद्धतच इतकी चुकीची होती की शाळेखाली भुयारं असल्याच्या गोष्टींपर्यंत मजल गेली. शेवटी एकही शिक्षा झाली नाही. नॉर्वेतल्या ब्यूगन गावात १९९२ मध्ये असंच बालवाडीचं प्रकरण झालं, आणि ज्याच्यावर खटला चालला तो १९९४ मध्ये निर्दोष सुटला. अशा प्रकरणांनंतरच मुलांचे जबाब कसे घ्यावेत याचा शास्त्रशुद्ध विचार जोमाने सुरू झाला.

मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचा आपला पॉक्सो कायदा संसदेने मंजूर केला तो मे २०१२ मध्ये. कानला 'याग्टन' पहिल्यांदा दाखवला गेला तोही त्याच महिन्यात. दोन्हींचा एकमेकांशी संबंध नाही, पण मला ते नेहमी आठवतं. कायदा सांगतो की जबाब मुलाच्या घरी किंवा त्याला हवा तिथे घ्यावा, शक्यतो महिला अधिकाऱ्याने घ्यावा, अधिकारी गणवेशात नसावा, कोर्टात मुलाला पुन्हा पुन्हा बोलावू नये. आणि निंबोणी, तुमच्यासाठी हे मुद्दाम लिहिते: तक्रार खोटी निघाली तरी मुलाला शिक्षा नाही, असं त्याच कायद्याच्या बाविसाव्या कलमात लिहिलेलं आहे. मूल बोललं तर त्याचं नुकसान होऊ नये, एवढी काळजी कायद्याने घेतलेली आहे. ती आपण घरात घेत नाही.

मुलाचं ऐकायचं की आरोपीला संधी द्यायची, असा सामना मांडू नये, हे मला या दोन सिनेमांवरून कळलं. नीट ऐकलं तर दोघांनाही न्याय मिळतो.

खिडकीतली बैठक

तांत्रिक बाजू कुणी घेतली नाही, म्हणून थोडक्यात लिहितो.

'फेस्टेन' हा डॉग्मा ९५ चळवळीचा पहिला सिनेमा. मार्च १९९५ मध्ये पॅरिसमध्ये सिनेमाच्या शंभरीचा कार्यक्रम होता. तिथे डॅनिश दिग्दर्शक लार्स व्हॉन ट्रिअरने लाल पत्रकं प्रेक्षकांत उधळून जाहीरनामा वाचला. तो त्याने आणि व्हिंटरबर्गने मिळून लिहिला होता. नियम दहा: चित्रण खऱ्या जागी, बाहेरून सामान आणायचं नाही, कॅमेरा हातात, वरून संगीत नाही, वेगळी प्रकाशयोजना नाही, खून-शस्त्रं नाहीत आणि दिग्दर्शकाचं नाव द्यायचं नाही. सिनेमा कान महोत्सवात ज्युरी पारितोषिक घेऊन गेला आणि पडद्यावर दिग्दर्शकाचं नाव नव्हतं.

छायाचित्रकार अँथनी डॉड मँटलने तो हातात मावेल अशा घरगुती डिजिटल कॅमेऱ्यावर टिपला. चित्र दाणेदार, हलतं, कोपऱ्यातून डोकावणारं. लग्नाची कॅसेट काढायला आलेल्या नातेवाइकाने चुकून हे सगळं टिपलं असं वाटतं. 'याग्टन'चं छायाचित्रण शार्लट ब्रूस क्रिस्टेन्सनचं, आणि ते नेमकं उलट आहे. शरद ऋतूतलं जंगल, मेणबत्त्या, नाताळचं चर्च, सगळं देखणं. पाहुण्यांच्या नजरेतून पाहिलेलं घर कुरूप दिसतं आणि बहिष्कृत माणसाच्या नजरेतून पाहिलेलं गाव सुंदर दिसतं. ज्याला गावाबाहेर काढलंय त्यालाच त्या गावाची किंमत कळते, असं मी ते वाचतो.

मधला काळ कुणी विसरू नये. 'फेस्टेन'नंतर त्याने इंग्रजीत मोठ्या नटांना घेऊन 'इट्स ऑल अबाउट लव्ह' केला, तो पडला. नंतरचाही फारसा चालला नाही. २०१० च्या 'सुब्मारिनो'ने तो परत जमिनीवर आला: कोपनहेगनमधले दोन भाऊ, दारुडी आई आणि त्यांच्या हातून गेलेलं तान्हं बाळ. तिथे त्याला पटकथाकार टोबिअस लिंडहोम भेटला. 'याग्टन' आणि 'ड्रुक' (इंग्रजीत 'अनदर राउंड') दोन्ही या जोडीचे. माझ्या मते 'सुब्मारिनो' त्याचा सगळ्यात दुर्लक्षित आणि सगळ्यात प्रामाणिक सिनेमा आहे.

शाळेची घंटा

'ड्रुक'वर बोलायचं आहे. मी माध्यमिक शाळेत बावीस वर्षं इतिहास शिकवतो. सिनेमातला मार्टिनही इतिहासाचाच शिक्षक. वर्गात उभा आहे, स्वतःच्या आवाजाचाच त्याला कंटाळा आलाय, मुलं आणि पालक तोंडावर सांगतात की तुमचं शिकवणं कळत नाही. तो प्रसंग मी पुढे ढकलून पाहिला, कारण बघवत नव्हता.

चार शिक्षक ठरवतात की रक्तातलं दारूचं प्रमाण कायम ०.०५ टक्के ठेवायचं. एका नॉर्वेजियन मानसोपचारतज्ज्ञाच्या म्हणण्याचा आधार घेतात. सुरुवातीला खरंच फरक पडतो. वर्ग जिवंत होतो. मग एकेकाचं घर मोडतं आणि क्रीडाशिक्षक टॉमी जीव गमावतो. इथपर्यंत मी सिनेमाबरोबर होतो. पण शेवटी अंत्यविधीहून आलेला मार्टिन शाळा संपल्याच्या पांढऱ्या टोप्या घातलेल्या मुलांबरोबर बंदरावर पीत पीत नाचतो, आणि सिनेमा तिथे संपतो. माझे वडील दारूने गेले. मला तो नाच सहन झाला नाही. सामाजिक प्रश्न मांडणाऱ्याने दारूला अशी दाद द्यावी?

पाऊलवाट

सर, तुमचा राग समजू शकते. एक गोष्ट मात्र सांगावीशी वाटते.

हा सिनेमा करावा म्हणून त्याची एकोणीस वर्षांची मुलगी मागे लागली होती. डॅनिश मुलं किती आणि कशी पितात ते तीच त्याला सांगायची. ती त्यात मार्टिनच्या मुलीचं काम करणार होती. मे २०१९ मध्ये, चित्रण सुरू होऊन चार दिवस झाले होते, तेव्हा ती रस्त्यावरच्या अपघातात गेली. गाडी चालवणारं कुणीतरी फोनमध्ये बघत होतं. सिनेमा थांबवावा असंच वाटण्याची ती वेळ. काही दिवस लिंडहोमने सेट सांभाळला, मग व्हिंटरबर्ग परतला. काही प्रसंग तिच्याच वर्गात, तिच्याच वर्गमित्रांना घेऊन चित्रित झाले. २०२१ मध्ये ऑस्कर घेताना त्याने हे सगळं मंचावर सांगितलं. सिनेमा तिला अर्पण केलेला आहे.

शेवटच्या नाचात ती मुलं ट्रकमधून येतात तेव्हा मला ते आठवतं. तो नाच दारूचा आहे की शोकाचा, हे मला आजही ठरवता येत नाही. मार्टिन शेवटी पाण्यावर झेप घेतो आणि चित्र हवेतच थांबतं. तो वर चाललाय की बुडायला, हे त्याने आपल्याला दाखवलेलं नाही. तुमच्या वडिलांची आठवण घेऊन पाहणाऱ्याला तो बुडतानाच दिसणार, आणि ते चूक नाही.

शाळेची घंटा

हे माहीत नव्हतं. पुन्हा पाहीन. मत बदलेल असं वचन देत नाही.

उत्तरेचा वारा

इथे सोळाव्या वर्षी मुलांना दुकानात बिअर विकत मिळते. मुलीने बापाला सांगितलेल्या गोष्टी इथल्या प्रत्येक घरातल्या आहेत, म्हणून हा सिनेमा इथे लोकांना टोचला.

माझ्या मते त्याचं सगळ्यात धाडसी काम अलीकडचं आहे, २०२४ ची 'फॅमिलीज लाइक अवर्स' ही सात भागांची मालिका. समुद्र वाढतोय म्हणून डेन्मार्क देशच बंद करायचा ठरतो. युद्ध नाही, लाट नाही. सरकारी पत्रं येतात, बँका बंद होतात, आणि साठ लाख लोक ज्याला जिथे आसरा मिळेल तिथे जातात. पासपोर्टवर, पैशांवर, ओळखीवर ठरतं की कुणाला पॅरिस आणि कुणाला बुखारेस्ट. कॉलेजातल्या मुलीला आई की वडील हे निवडावं लागतं.

हे डेन्मार्कमध्ये दाखवणं म्हणजे काय, ते इथे राहणाऱ्याला कळतं. याच देशाने २०१६ मध्ये कायदा केला की आश्रय मागायला आलेल्यांकडे दहा हजार क्रोनरपेक्षा जास्त किमतीच्या वस्तू सापडल्या तर त्या काढून घेता येतील. व्हिंटरबर्गने एकाही सीरियन निर्वासिताला पडद्यावर न आणता प्रेक्षकाला त्याच्या जागी उभं केलं.

मूळ प्रश्नाबद्दल एक. इथल्या बालगृहांमध्ये १९४५ ते १९७६ या काळात मुलांवर झालेल्या अत्याचारांबद्दल पंतप्रधान मेटे फ्रेडरिक्सननी ऑगस्ट २०१९ मध्ये देशाच्या वतीने माफी मागितली. म्हातारी झालेली ती 'मुलं' समोर बसून रडत होती. २००५ मध्ये एका टीव्ही माहितीपटात ती पहिल्यांदा मोठ्या आवाजात बोलली होती, म्हणजे बोलल्यापासून माफीपर्यंत चौदा वर्षं गेली. रेडिओवरच्या त्या माणसाने वाढदिवसाचं भाषण रचलं असेल. पण ऐकणाऱ्यांतल्या अनेकांनी ते भाषण मनातल्या मनात हजारदा केलेलं होतं. पाऊलवाट, 'फेस्टेन' का खोटा ठरत नाही, त्याचं माझं उत्तर हे.

निंबोणी

काल रात्री 'फेस्टेन' पाहिला. एकटीने.

मला ख्रिस्तियानपेक्षा आई जास्त दिसली. दुसऱ्या दिवशी सकाळी न्याहारीला वडील येऊन सगळं कबूल करतात, धाकटा मुलगा त्यांना जायला सांगतो, आणि ते उठतात तेव्हा ती जागची हलत नाही. मुलांबरोबर टेबलाशीच राहते. आदल्या रात्री हीच बाई मुलाला माफी मागायला सांगत होती.

माझी आई आता चौऱ्याहत्तर वर्षांची आहे. तो माणूस वारला. समईची वात, इतक्या वर्षांनी तिला विचारावं का?

समईची वात

विचारायचं की नाही, हे फक्त तुम्हीच ठरवा. नाही विचारलंत तरी त्यात तुमचं काही चुकलं असं होत नाही.

विचारलंत तर दोघीच असताना विचारा, सणावारी नको. 'तेव्हा तू असं का केलंस' इथून सुरुवात करू नका. 'तुला तो दिवस आठवतो का' एवढंच विचारा आणि थांबा. ती बराच वेळ काही बोलणार नाही. तरी थांबा. कुणाशी आधी बोलावंसं वाटलं तर मला इथे निरोप पाठवा, मी आहे.